चवदार तळ्यावरचा मनाई हुकूम



मार्च महिन्याची २० तारीख आली की आपण महाडची आठवण करतो. डिसेंबरची २५ तारीख आली की पुन्हा करतो. पहिल्या दिवशी, १९२७ साली, बाबासाहेबांच्या मागोमाग हजारो माणसे चवदार तळ्यावर गेली आणि पाणी प्याली. दुसऱ्या दिवशी, त्याच वर्षी, त्याच गावी मनुस्मृतीचे दहन झाले. या दोन तारखांच्या मध्ये आणखी एक तारीख आहे. तिची आठवण आपल्यापैकी फारच थोड्यांस असते. ती तारीख १४ डिसेंबर १९२७. त्या दिवशी कोठे सभा झाली नाही, मिरवणूक निघाली नाही, लाठी चालली नाही. महाडच्या दिवाणी कोर्टातून एक कागद मात्र बाहेर पडला. त्या कागदाविषयी मी आज बोलणार आहे.

इतक्या जुन्या कागदाचे आज काय काम, असे आपण विचाराल. काम असे की, तसलाच कागद आजही आपल्या दारी येतो. गायरानाचा तुकडा असो, वस्तीच्या विहाराची जागा असो, स्मशानाकडे जाणारी वाट असो की बापाच्या नावावरची दोन एकर जमीन असो. तंटा उभा राहिला की एक पक्ष कोर्टाकडे धाव घेतो आणि थोड्याच दिवसांत बेलिफ कागद घेऊन उंबऱ्याशी उभा राहतो. कागद आला की वस्तीत एकच बोलणे सुरू होते : “कोर्टाचा निकाल लागला, आपण हरलो.” वास्तविक निकाल लागलेला नसतो. निकालाला अजून वर्षे असतात. आलेला असतो तो तूर्तातूर्त मनाई हुकूम. निकाल आणि हा हुकूम यांतील भेद न कळल्यामुळे आपल्या माणसांनी किती जमिनी केवळ हताश होऊन सोडून दिल्या असतील, याची गणती कोणी केलेली नाही.

प्रथम या हुकुमाचे मूळ समजून घेऊ. समजा, दोन भावांत आमराईचा तंटा आहे. दावा कोर्टात आहे आणि तो पाचदहा वर्षे चालेल असे दिसते. आमराई थोरल्याच्या ताब्यात आहे. त्याने या अवधीत सारी झाडे तोडून विकली आणि पुढे निकाल धाकट्याच्या बाजूने लागला, तर धाकट्याच्या हाती काय येईल? कोर्टाचा शिक्का असलेला हुकूमनामा आणि झाडांचे बुंधे. न्याय मिळाला, पण ज्या वस्तूसाठी मागितला ती वस्तूच उरली नाही. असे होऊ नये म्हणून दावा चालू असेतो वादाची वस्तू जशीच्या तशी राखून ठेवण्याचा अधिकार कायद्याने कोर्टास दिलेला आहे. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ३९ व्या आदेशात तो आहे. मालमत्ता वाया जाण्याचा, तिची नासाडी होण्याचा किंवा ती परस्पर दुसऱ्याच्या घशात जाण्याचा धोका असेल, तर कोर्ट ‘हे करू नका’ असे फर्मावू शकते. आपल्याकडील कोर्टांत हा अर्ज बहुधा ‘निशाणी ५’ म्हणून नोंदला जातो. कोर्टाच्या आवारात दोन वकील “निशाणी ५ चे काय झाले?” असे एकमेकांस विचारताना ऐकलेत, तर ते याच हुकुमाविषयी बोलत आहेत असे समजावे.

याखेरीज आणखीही उपाय आहेत. नाशवंत माल असेल तर तो विकून पैसे राखून ठेवता येतात. जिनसेची पाहणी करवून घेता येते. ४० व्या आदेशाखाली कोर्ट रिसीव्हर नेमून जमीन किंवा घर त्याच्या ताब्यात देता येते. प्रतिवादी निकालाची अंमलबजावणी हाणून पाडण्यासाठी मालमत्ता विकून मोकळा होऊ पाहत असेल, तर ३८ व्या आदेशाखाली निकालापूर्वीच जप्ती आणता येते. आणि मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या ५२ व्या कलमाप्रमाणे दाव्यात असलेली जमीन कोणी विकत घेतलीच, तर घेणारा त्या दाव्याच्या निकालाने बांधला जातो. मात्र आपल्याकडे १९३९ साली मुंबई इलाख्यात झालेल्या दुरुस्तीमुळे त्यासाठी दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवावी लागते. ही नोंद करावयाची राहून गेली म्हणून गोत्यात आलेले लोक पुष्कळ आहेत. तेवढे लक्षात ठेवा. या सर्वांत रोजच्या व्यवहारात अधिक दिसतो तो मनाई हुकूमच. आणि आपल्या चळवळीच्या वाटेत आडवा आला तोही मनाई हुकूमच होता.

आता महाडकडे वळू.

१९२३ च्या ऑगस्टात मुंबईच्या कायदे कौन्सिलात सीताराम केशव बोले यांचा ठराव संमत झाला. सार्वजनिक पैशातून बांधलेल्या किंवा सांभाळलेल्या विहिरी, तळी, धर्मशाळा, शाळा, दवाखाने अस्पृश्यांस मोकळे असावेत, असा तो ठराव. त्याला अनुसरून महाडच्या नगरपालिकेने जानेवारी १९२४ मध्ये चवदार तळे सर्वांस खुले केल्याचा ठराव केला. ठराव झाला तो कागदावर. तळ्याच्या पायऱ्यांवर त्याचा मागमूस नव्हता. त्या तळ्यावर मुसलमान पाणी भरीत. आपल्याच धर्मातील म्हणविणाऱ्या माणसास मात्र तेथे मज्जाव होता. २० मार्च १९२७ रोजी कुलाबा जिल्हा बहिष्कृत परिषदेसाठी जमलेली माणसे तळ्यावर गेली, ती नवा हक्क निर्माण करावयास गेली नव्हती. तळे ज्या नगरपालिकेच्या हाती होते तिने तीन वर्षांपूर्वीच दिलेली मोकळीक त्यांनी प्रथमच वापरली. त्यानंतर माणसांवर हल्ला झाला, आणि तळे ‘शुद्ध’ करून घेण्यासाठी १०८ घागरींचा विधी झाला, हे आपणांस ठाऊक आहे. पुढे ऑगस्ट १९२७ मध्ये नगरपालिकेने आपला १९२४ चा ठराव मागे घेतला. बाबासाहेबांनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी २५ डिसेंबरपासून सत्याग्रह करण्याचे जाहीर केले.

आणि मग १२ डिसेंबर रोजी महाडच्या दिवाणी कोर्टात १९२७ चा रेग्युलर दावा नंबर ४०५ दाखल झाला. वादी गावातील नऊ स्पृश्य हिंदू. प्रतिवादींत पहिले नाव बाबासाहेबांचे. मागणी अशी की, तळे स्पृश्यांच्याच वहिवाटीचे आहे असे ठरवून द्यावे आणि अस्पृश्यांस तेथे जाण्यास व पाणी घेण्यास कायमची मनाई करावी. दावा केवळ नावे घातलेल्या माणसांपुरता नव्हता. त्यांच्याद्वारे सबंध समाजावर रोखलेला होता. त्याबरोबर तातडीचा अर्ज होता आणि त्यावर दोनच दिवसांत, १४ डिसेंबरला, मनाई हुकूम निघाला. पुढील हुकूम होईतो तळ्यावर जाऊ नये, पाणी घेऊ नये. वाचकहो, या तारखा नीट पाहा. सत्याग्रहाला तेरा दिवस उरले असता दावा, आणि अकरा दिवस उरले असता हुकूम. मुंबईत राहणाऱ्या प्रतिवादीस दोन दिवसांत महाड गाठून आपली बाजू मांडता येणे शक्य होते काय?

येथे थोडे थांबून या हुकुमाने नेमके काय राखले ते पाहू. हुकुमाचा हेतू वादाची वस्तू राखण्याचा, असे आपण वर म्हटले. चवदार तळ्याला कसला धोका होता? आणखी काही हजार माणसे ओंजळभर पाणी प्याली म्हणून ते आटणार नव्हते. कोणी त्याचे घाट फोडणार नव्हते, कोणी ते विकणार नव्हते. आमराईच्या उदाहरणात झाडे नाहीशी होतात. येथे पाणी जेथल्या तेथे राहणार होते. हुकुमाने राखली गेली ती बंदी. ‘जैसे थे’ या दोन शब्दांत एक मोठा प्रश्न दडलेला असतो : कोणत्या दिवसाचे ‘जैसे थे’? वादी म्हणणार, मार्चपूर्वी कोणी अस्पृश्य तळ्यावर येत नसे, तेच ‘जैसे थे’. प्रतिवादी म्हणणार, १९२४ साली ज्याच्या हाती तळे त्याने ते खुले केले, मार्चमध्ये आम्ही पाणी प्यालो, तेच ‘जैसे थे’. दोन्ही पक्ष एकच शब्द वापरतात आणि दोन निरनिराळी जगे मागतात. कोर्ट ज्या दिवशी काटा थांबवील तो दिवसच पुढील कित्येक वर्षे खरा ठरतो. पुढे १९९० साली सर्वोच्च न्यायालयाने एका घराच्या तंट्यात, तंटा उपस्थित होण्यापूर्वीची शेवटची निर्विवाद स्थिती कायम राखावयाची असते, असे सांगितले आहे. हा नियम चांगला आहे. परंतु आपल्या समाजाच्या दृष्टीने त्यात एक अडचण आहे, ती मी लपवून ठेवणार नाही. ज्या काळात आपण तोंड उघडीत नव्हतो त्या काळात सर्वच गोष्टी निर्विवाद होत्या! मुकाट्याने सोसलेला अन्याय ‘निर्विवाद स्थिती’ म्हणून पुढे येऊ शकतो. म्हणूनच ‘जैसे थे’ हा शब्द कानी पडताच हायसे वाटून घेऊ नका. कोणत्या तारखेचे, असे आधी विचारा; आणि आपल्या तारखेचा कागद हाती ठेवा.

२५ डिसेंबरला महाडात हजारो माणसे जमली होती. परिषदेसाठी स्पृश्य हिंदूंनी जागा दिली नाही. ती एका मुसलमान गृहस्थाने दिली. घरून भाकरी बांधून, तुरुंगात जाण्याच्या तयारीने लोक आले होते. सत्याग्रह करावयास सिद्ध असलेल्यांची नावे लिहून घेण्यात आली. अशा वेळी पुढाऱ्यापुढे केवढे संकट उभे राहते, याची कल्पना करा. एका बाजूला कोर्टाचा हुकूम. दुसऱ्या बाजूला पेटलेली मने. जिल्ह्याचे कलेक्टर स्वतः परिषदेत आले आणि हुकूम मोडू नका असे त्यांनी सांगितले. बाजूने भाषणे झाली, विरुद्ध भाषणे झाली. अखेर २७ डिसेंबरला दाव्याचा निकाल लागेतो सत्याग्रह तहकूब ठेवण्याचा ठराव झाला. तळ्याला वळसा घालून मिरवणूक निघाली आणि पाण्यास स्पर्श न करता परतली.

पाण्यापासून हातभर अंतरावरून परत फिरलेल्या त्या माणसांविषयी आपल्या मनात काय येते? काहींना आजही वाटते की ती माघार होती. मी त्या मताचा नाही. बाबासाहेब बॅरिस्टर होते. मनाई हुकूम मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त होते आणि त्यास दिवाणी तुरुंगात घालता येते, हे त्यांना सांगावयास कोणी नको होते. पण केवळ शिक्षेच्या भयाने त्यांनी पाऊल मागे घेतले असते तर पुढील दहा वर्षांचा खटाटोप त्यांनी केला नसता. हुकूम मोडला असता तर तंट्याचे स्वरूपच पालटले असते. स्पृश्य विरुद्ध अस्पृश्य हा प्रश्न बाजूला पडून कोर्ट विरुद्ध अस्पृश्य असा नवा खटला उभा राहिला असता आणि वादी घरबसल्या जिंकले असते. तळे कोणाचे, हा प्रश्न कोणी विचारलाच नसता. हुकूम पाळला, त्यामुळे तो प्रश्न कोर्टापुढे जिवंत राहिला. हे माझे मत आहे. विरुद्ध मत असणाऱ्यांनी ते जरूर मांडावे. त्या दिवशी परिषदेतही विरुद्ध मत मांडणारे होते आणि त्यांचे ऐकून घेतले गेले होते.

आता पुढचा भाग ऐका, कारण आपल्या उपयोगाचा भाग तोच आहे. हुकूम पाळून आपली माणसे स्वस्थ बसली नाहीत. तो रद्द करावा म्हणून प्रतिवादी त्याच कोर्टापुढे उभे राहिले. २३ फेब्रुवारी १९२८ रोजी त्याच कोर्टाने हुकूम उठविला. १४ डिसेंबरपासून मोजले तर ७१ दिवस. ज्या हुकुमाने हजारो माणसांस परत फिरविले त्याचे आयुष्य अडीच महिन्यांचेही नव्हते! तूर्तातूर्त हुकूम म्हणजे निकाल नव्हे, हे मी सुरुवातीस म्हणालो. त्याचा पुरावा आपल्याच इतिहासात आहे.

मूळ दावा मात्र चालूच राहिला. ८ जून १९३१ रोजी महाडच्या कोर्टाने तो फेटाळला. स्पृश्यांनीच तळे वापरण्याची दीर्घकाळची रूढी आहे असे त्या कोर्टास दिसले. परंतु एकाने वापरले आणि दुसऱ्याने वापरले नाही एवढ्यावरून वापरणाऱ्यास दुसऱ्याला अडविण्याचा हक्क प्राप्त होत नाही, असे त्याने ठरविले. हे वाक्य मनात ठेवण्यासारखे आहे. वादी ठाण्याच्या जिल्हा कोर्टात गेले. तेथे ३० जानेवारी १९३३ रोजी अपील फेटाळले गेले; ही रूढी स्मरणातीत काळापासूनची असल्याचे सिद्ध होत नाही, असे त्या कोर्टाने म्हटले. वादी मुंबई उच्च न्यायालयात गेले. नरहरी दामोदर वैद्य विरुद्ध भीमराव रामजी आंबेडकर या अपिलाचा निकाल १७ मार्च १९३७ रोजी न्यायमूर्ती ब्रूमफील्ड व न्यायमूर्ती वाडिया यांनी दिला. तळे वादींच्या मालकीचे नव्हते, नगरपालिकेच्या हाती होते. आणि वादींनी सांगितलेली अनादी रूढी सिद्ध झाली नव्हती. अपील फेटाळले गेले. मार्च १९२७ ते मार्च १९३७. ओंजळभर पाण्यावरचा हक्क कायद्याच्या तिन्ही पायऱ्यांवर सिद्ध व्हावयास दहा वर्षे लागली.

या दहा वर्षांचा जमाखर्च मांडताना एक गोष्ट आपण विसरता कामा नये. उच्च न्यायालयाने वादींना हरविले ते पुराव्याच्या मुद्द्यावर. असली रूढी सिद्ध झाली असती तर ती अवाजवी किंवा लोकहिताविरुद्ध म्हणून टाकून द्यावी काय, याचा विचार मग करावा लागला असता, असे त्या निकालात आहे. परंतु तो करण्याचा प्रसंगच आला नाही. म्हणजे १९३७ सालीसुद्धा, एखाद्या गावच्या स्पृश्यांनी अधिक चांगला पुरावा गोळा केला असता, तर बंदी कायदेशीर ठरण्याची वाट अगदीच बंद झालेली नव्हती. ती बंद केली राज्यघटनेने. १७ व्या अनुच्छेदाने अस्पृश्यता नष्ट केली. १५ व्या अनुच्छेदाने सार्वजनिक विहिरी, तलाव, स्नानघाट, रस्ते यांच्या वापरात जातीवरून आडकाठी करण्यास मनाई केली. बाबासाहेब मसुदा समितीचे अध्यक्ष होते. चवदार तळ्याच्या दाव्यातील पहिला प्रतिवादी त्या कलमांचा मसुदा करणाऱ्यांत बसला होता, एवढे सांगितले म्हणजे पुरे.

घटनेनंतर १९५५ साली अस्पृश्यता (अपराध) कायदा झाला. १९७६ मध्ये त्याचे नाव नागरी हक्क संरक्षण कायदा असे झाले. या कायद्याचे ४ थे कलम, म्हणजे तळ्याविहिरीवर अडविणे हा गुन्हा, हे सर्वांस माहीत असते. १३ व्या कलमाकडे मात्र फारसे कोणाचे लक्ष जात नाही. मी तर म्हणेन की, १४ डिसेंबर १९२७ च्या कागदाला दिलेले उत्तर त्या १३ व्या कलमात आहे. ते सांगते की, ज्या दाव्यातील मागणी या कायद्याच्या तरतुदींविरुद्ध असेल तो दावा कोणत्याही दिवाणी कोर्टाने दाखल करून घेऊ नये, चालवू नये, त्यात हुकूमनामा किंवा हुकूम देऊ नये, आणि दिलेला असल्यास त्याची अंमलबजावणीही करू नये. ‘हुकूम’ या शब्दात तूर्तातूर्त हुकूमही आला. आज कोणी महाडसारखा दावा घेऊन आला, तर त्यास निशाणी ५ पर्यंतही पोचू देता येत नाही. आपल्या वकिलास हे कलम दाखवा. वकिलास सारेच पाठ असते असे समजू नका.

मात्र आज असला दावा उघडपणे कोणी आणीत नाही. आज दावा येतो तो हद्दीचा, वहिवाटीचा, खरेदीखताचा. जातीचा उल्लेख कोठेही नसतो. वस्तीची वाट अडवावयाची असते, पण दाव्यात लिहिलेले असते की, प्रतिवादी आमच्या मालकीच्या शेतातून बेकायदा ये-जा करतात. अशा वेळी पुढील गोष्टी ध्यानात ठेवल्या तर उपयोग होईल.

असा दावा येणार अशी कुणकुण लागली, तर आधीच कोर्टात कॅव्हेट दाखल करा. संहितेचे १४८-अ हे कलम १९७६ च्या दुरुस्तीने आले. कॅव्हेट नव्वद दिवस चालते आणि तोवर आपणांस कळविल्याविना, आपले म्हणणे ऐकल्याविना अर्जावर हुकूम होऊ नये असा त्याचा परिणाम. १९२७ साली ही सोय असती तर महाडात दोन दिवसांत हुकूम निघणे कठीण झाले असते. कॅव्हेटविना हुकूम झालाच, तर त्याची प्रमाणित नक्कल ताबडतोब काढा आणि वाचा. दुसऱ्या पक्षाला न ऐकता हुकूम द्यावयाचा असेल तर त्याची कारणे कोर्टाने लिहून ठेवली पाहिजेत, हे आज बंधनकारक आहे. सर्वोच्च न्यायालयाने १९९३ साली ते स्पष्ट शब्दांत सांगितले आहे. असा अर्ज तीस दिवसांत निकालात काढण्याचा यत्न कोर्टाने करावा, असेही संहितेत आहे. ती मुदत पाळली जातेच असे नाही. परंतु आपण तिची आठवण करून दिली पाहिजे. ३९ व्या आदेशाच्या ४ थ्या नियमाखाली हुकूम उठविण्यासाठी किंवा बदलण्यासाठी त्याच कोर्टात अर्ज करता येतो. हीच वाट १९२८ साली चालली गेली. हुकुमावर वरच्या कोर्टात अपीलही होते.

अर्जाला उत्तर देताना भाषण लिहू नका. आमच्या लोकांची ही एक खोड आहे. जन्मभराचा अन्याय शपथपत्रात ओतावयाचा आणि ज्यावर हुकूम अवलंबून आहे तो कागद जोडावयाचा विसरायचा! कोर्ट तीन गोष्टी पाहते. वादीची बाजू सकृद्दर्शनी खरी दिसते काय. हुकूम न दिल्यास त्याचे भरून न येणारे नुकसान होईल काय. आणि हुकूम दिल्यास कोणाची किती गैरसोय, न दिल्यास कोणाची किती, याचा तोल कोणीकडे झुकतो. या तिन्हींचे उत्तर सातबाराचा उतारा, फेरफाराची नोंद, ग्रामपंचायतीचा ठराव, घरपट्टीची पावती, विजेचे बिल, शेजाऱ्यांची शपथपत्रे यांनी द्यावयाचे असते. १९२४ चा नगरपालिकेचा ठराव हा महाडच्या बाजूतील कागद होता. आपल्या वस्तीचा असा कागद कोणता, तो कोणाच्या पेटीत आहे, हे दावा येण्यापूर्वी शोधून ठेवा.

हुकूम चुकीचा वाटला तरी तो उठेपर्यंत मोडू नका. मोडल्यास ३९ व्या आदेशाच्या २-अ नियमाखाली मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी तुरुंगवास होऊ शकतो. आणि अपुऱ्या कारणावर हुकूम मिळवून तुमचे नुकसान केले गेले असेल, तर ९५ व्या कलमाखाली भरपाई मागता येते. तिची कमाल मर्यादा पूर्वी एक हजार रुपये होती, ती आता पन्नास हजार आहे. मोठी रक्कम नव्हे, तरी खोटा अर्ज करणाऱ्यास विचार करावयास लावील इतकी आहे. अनुसूचित जातीच्या माणसाविरुद्ध खोटा किंवा त्रास देण्याच्या हेतूने दावा करणे हा तर १९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याखाली अपराधच आहे. १९९० च्या दुरुस्तीमुळे बौद्धही अनुसूचित जातींच्या यादीत येऊ शकतात, हे येथे सांगून ठेवतो. ‘धर्म बदललात, आता तुमचा काय संबंध’ असे म्हणणारे अद्याप भेटतात. वकिलाच्या फीचा प्रश्न असेल, तर १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याप्रमाणे अनुसूचित जातीच्या व्यक्तीस, तिचे उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे. तालुक्याच्या कोर्टात विधी सेवा समिती असते. तेथे जाण्यात कसलाही कमीपणा नाही.

इतका वेळ मी आपल्यावर आलेल्या हुकुमाविषयी बोललो. तोच हुकूम आपणही मागू शकतो, हे सांगितले नाही तर हे बोलणे अर्धेच राहील. वतनाच्या किंवा सरकारने दिलेल्या जमिनीवर कोणी नांगर घालू पाहत असेल, तर तिचे ‘जैसे थे’ आपल्या बाजूचे आहे. ते राखून मागा, आणि झाडे तुटण्यापूर्वी मागा. भगिनींनी तर हे विशेष लक्षात घ्यावे. हिंदू वारसा कायदा बौद्धांसही लागू आहे आणि २००५ च्या दुरुस्तीने वडिलोपार्जित मिळकतीत मुलीस मुलाच्या बरोबरीचा वाटा दिला आहे. बहिणीने वाटपाचा दावा लावला की भाऊ घाईघाईने जमीन विकावयास काढतो, हे आपल्या घराघरांत घडते. आपण बौद्ध झालो म्हणून ते थांबलेले नाही, हे खेदाने म्हणावे लागते. दाव्याबरोबरच निशाणी ५ चा अर्ज द्या आणि दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवा. भाऊ रागावेल. महाडचे लोकही रागावले होते.

आजच्या सभेस काही मंडळी आपापले कागद घेऊन आली आहेत, असे मला सांगण्यात आले. त्यांनी आता पुढे येऊन बसावे. मूळ कागद आपल्यापाशीच ठेवावेत, मला नक्कल दाखवावी. आणि हुकुमाची प्रत असल्यास पुढील तारीख कोणती पडली आहे, तेवढे आधी पाहून घ्यावे.